ओलांब्याला तुरटी का चालत नाही

थांबा, थांबा. पायऱ्या उतरायच्या आधी पिशव्या उघडा सगळ्यांनी. कोणाकडे तुरटी आहे का? हसू नका, मी काही चेष्टा करत नाहीये. तुम्ही हो, मिशीवाले दादा, दाढी करून गालाला लावायचा खडा असेल ना तुमच्याकडे? असणारच. टाका या टोपलीत. जाताना परत मिळेल, तुमच्या खड्याचं लोणचं घालायचं नाहीये मला.

मला इथं ठकूमावशी म्हणतात. रंगाऱ्याच्या घरात जन्मले, रंगाऱ्याच्याच घरात दिले. ही टोपली घेऊन या पायऱ्यांवर बसायचं काम सध्या माझ्याकडे आहे. बसा इथं, काठावर. समोर दिसतोय तो झिळईचा डोह, आणि त्याच्या भोवती हे नऊ कडे. पाचव्या आणि सहाव्या कड्यामधली ती खाच बघा. तिसऱ्या प्रहरी सूर्य त्या खाचेत आला की झिळई उतरते. झिळई म्हणजे काय, ते सांगून कळायचं नाही. उजेडच तो, पण कापडावरून पाणी निथळावं तसा कड्यावरून निथळत खाली येतो, रंगारंगानं. डोहावर फिरतो, मग काठावर चढतो आणि माणसांच्या अंगावरूनही जातो. अंगावर आला तर ओरडू नका, झटकू नका. घटकाभरात आपणहून सुटून वर जातो. नव्या माणसाची बोबडी वळते, माझ्या जावयाची वळली होती.

अजून वेळ आहे. तोवर तुरटीचं सांगते. तुम्हाला ठाऊकच असेल, आमच्या या ओलांब्याचं लुगडं पहिल्या धुण्यातच रंग सोडतं. बाजारात आम्हाला हसतात. रंगाऱ्यांचं गाव आणि रंग टिकवता येत नाही, म्हणतात. अहो, येत नाही असं नाही. पूर्वी ओलांब्याइतका पक्का रंग नऊ कड्यांच्या खोऱ्यात कुणाचा नव्हता, असं सांगतात. बैलांच्या पाठीवर लादून तुरटीची पोती यायची इथं. कापड आधी तुरटीच्या पाण्यात भिजवायचं, मग रंगात सोडायचं. तुरटी रंगाला धरून ठेवते, सोडत नाही. तेच तर सगळं पुढं नडलं.

त्या काळी इथं कोंडाई नावाची रंगारीण होती. नवरा लवकर गेला. घरात माणसं दोनच, ती आणि तिची दहा वर्षांची लेक जिऊ. कोंडाईचा हात असा होता म्हणे, की तिनं रंगवलेलं लुगडं फाटून चिंध्या व्हायचं, पण चिंधीचाही रंग जायचा नाही. वीस वर्षं तुरटीच्या पाण्यात हात घालून तिचे तळवे पांढरेफटक आणि कडक झाले होते. बाईला गर्व होता त्याचा. असायचाच. गावात कुणाच्या कापडाचा रंग सुटला, तर ती हौदाच्या काठावर उभी राहून सगळ्यांदेखत विचारायची, "काय गं, पाणी रंगवायला घेतलं होतंस की कापड?"

तेव्हा झिळई नव्हती हं. डोह होता, पण साधा. आम्ही त्यात कापड खळबळायचो, एवढंच.

एके दिवशी कोंडाईच्या अंगणात दोन गाठोडी होती. एका गाठोड्यात खोऱ्याच्या सरदाराकडच्या लग्नाची लुगडी, रंगवून तयार. दुसऱ्यात कोरं कापड, खळ काढायला न्यायचं. खळ म्हणजे विणकर कापडाला लावतो ती पेज. ती धुऊन काढल्याशिवाय रंग बसत नाही. कोंडाईनं जिऊला सांगितलं, कोरं गाठोडं घेऊन डोहावर जा, मी तुरटीचं पोतं घेऊन मागनं येते. पोर गेली. कमरेएवढ्या पाण्यात उभी राहून कापड खळबळायला लागली.

तिसरा प्रहर झाला. कोंडाई पोतं कमरेवर घेऊन याच पायऱ्यांवर आली, आणि बघते तर काय! डोहाचं पाणी रंगलेलं. जिऊच्या भोवतीनं तांबडा पसरतोय, त्यात निळा घुसतोय, हिरवा, पिवळा, जांभळा, सगळे एकमेकांत वळवळतायत. कोंडाईच्या पायाखालची जमीन सरकली. तिला वाटलं, पोरीनं गाठोडं चुकवलं. सरदाराची लुगडी पाण्यात घातली, आणि माझा रंग सुटला! माझा!

तिनं एकदा जरी जिऊच्या हातातल्या कापडाकडं बघितलं असतं ना, तर कळलं असतं. कापड कोरंच होतं, पांढरंस्वच्छ. रंग कापडातून येतच नव्हता, वरून येत होता, कड्यावरून. पण रंगाऱ्याची नजर आधी पाण्यावर जाते. आमची खोडच ती. तुमच्यापैकी कुणी असता तर आधी आभाळाकडं बघितलं असतंत. कोंडाईनं पाणी बघितलं, आणि रंग सुटताना दिसला की रंगारी जे करतो तेच केलं. पोत्याचं तोंड सोडलं आणि अख्खं पोतं तुरटी डोहात ओतली.

काय झालं ते आमच्याकडं अजून कुणी मोठ्यानं सांगत नाही. मी सांगते.

डोह खाडकन थांबला. पाणी हलेना. वर जाऊ पाहणारा उजेड जागच्या जागी धरला गेला. आणि मग, अगं आई, कड्यांवरचा रंग सुटून खाली यायला लागला! करंजाच्या झाडांचा हिरवा, देवळाच्या झेंड्याचा भगवा, आभाळाचा निळा, सगळं ओढलं गेलं डोहाकडं. गावात बाया अंगणात होत्या, त्यांनी एकमेकींच्या कपाळाकडं पाहिलं आणि किंचाळल्या. कुंकू राखेसारखं झालं होतं. प्रत्येकीला वाटलं आपला धनी गेला, आणि जी ती रडत नवऱ्याला शोधत धावत सुटली. नवरे समोर आले तर तेही राखेचे. चुलीतला जाळ राखेचा. एका बाईचं तान्हं आईकडं बघून भोकाड पसरायला लागलं, काही केल्या दूध घेईना. रडायला तरी आवाज होता, एवढंच काय ते उरलं होतं.

आणि डोहातून जिऊ बाहेर आली. सगळ्या खोऱ्याचा रंग तिच्या अंगावर चढला होता. कपाळावरून निळा वाहतोय, दंडावर हिरवा फिरतोय, केसांत जाळ पेटल्यासारखा तांबडा. तिच्याकडं बघवेना म्हणे. लोकांनी डोळ्यांवर हात घेतले. ती बिचारी दहा वर्षांची पोर. "आई गं!" करून धावली आणि कोंडाईच्या दोन्ही हातांना जाऊन बिलगली.

कोंडाईनं हात मागं घेतले तेव्हा तिचे दोन्ही तळवे पिवळेधम्मक झाले होते, आणि जिऊच्या अंगावर पिवळा उरलाच नव्हता. तेवढ्या एका क्षणात खोऱ्यातला सगळा पिवळा कोंडाईच्या तुरटी मुरलेल्या हातांनी ओढून घेतला होता. तिनं हात लुगड्याला पुसले, मातीत घासले. कुठं जातोय! पक्का बसला होता. तिच्याच हातचा पक्का रंग.

गाव जमलं. येसबा नावाचा म्हातारा पंच होता. तो काठी आपटून म्हणाला, "पोरीला परत डोहात सोडा. जिथनं आलं तिथं जाईल." कुणी हो म्हणेना, कुणी नाहीही म्हणेना. कोंडाई हौद ढवळायचं लाकूड घेऊन दारात उभी राहिली. म्हणाली, "माझ्या पोरीला हात लावायला कोण येतंय ते बघू. तुरटी मी ओतली. सोडायचं तर मला सोडा." ते लाकूड चांगलं पुरुषभर उंचीचं असतं, आणि कोंडाईचा हात कसा होता ते सगळ्यांना माहीत होतं. त्या दिवशी तरी लोक परत गेले.

दुसऱ्या दिवशी जिऊ भेदरून घराच्या कोपऱ्यात कोंबडा कवटाळून बसली होती. कोंडाई लांबून बघत होती. बघता बघता त्या राखेच्या कोंबड्याचा तुरा लाल झाला. मग शेपटीची पिसं निळी-काळी झाली. कोंबडा स्वतःच इतका दचकला म्हणतात, की उडी मारून उतरंडीवर जाऊन बसला. कोंडाई उठली, अंगणात आली आणि ओरडली, "रंग सुटतोय गं! माझ्या जिऊचा रंग सुटतोय!" आयुष्यात पहिल्यांदा ती बाई रंग सुटला म्हणून आनंदानं ओरडली. अख्खं गाव चकित झालं, तिला वेड लागलं असंच वाटलं सगळ्यांना.

मग नऊ दिवस जिऊ दारोदार फिरली. झाडाला मिठी मारली, झाड रंगलं. दगडाला हात लावला, दगड काळा झाला. बायांच्या कपाळाला बोट लावलं आणि कुंकू लाल झालं. पहिल्या दिवशी दारं लावून घेणारे लोक चौथ्या दिवशी तिच्या वाटेवर पायघड्या घालायला लागले. असली आपली माणसं. येसबा पंचही आला, मान खाली घालून. जिऊनं त्याच्या डोळ्यांवर हात ठेवले. म्हातारा लहान मुलासारखा रडला. इकडं पुरुषांनी डोहाचा बांध फोडला आणि नऊ दिवस पाणी वाहू दिलं, तुरटी पार निघून जाईस्तोवर. नवव्या दिवशी जिऊनं स्वच्छ पाण्यात हात बुडवले, उरलेला उजेड वर गेला. तिच्या अंगावर राहिला तो तिचा स्वतःचा रंग, तुमच्या-माझ्याइतकाच.

त्याच्या दुसऱ्या दिवशी तिसऱ्या प्रहरी झिळई पुन्हा उतरली. कुणी काही टाकलं नाही. ती आपली आली, फिरली आणि गेली. पण तिच्यात एक पट्टा राखेचा होता. पिवळा नव्हता. पिवळा कोंडाईच्या हातांत अडकला होता.

पिवळ्यावाचून काय होतं ते तुम्हाला नाही कळणार. हळद राखेची. झेंडू राखेचा. पानंसुद्धा धड हिरवी होईनात, निळसर यायची. आम्ही रंगारी, आम्हाला ठाऊक आहे, हिरव्यात पिवळा असतो. ओलांब्यातल्या नवरा-नवरीला राखेची हळद लागायची. बायका हळद लावता लावता तोंड फिरवून डोळे पुसायच्या. कोंडाईला कुणी बोललं नाही, पण न बोलताही कळतंच की.

पण तिला त्याहून मोठी धास्ती होती. जिऊचा रंग कोणालाही जात होता, कुठूनही सुटत होता. कोंडाईच्या हातांना लागलेला मात्र सुटत नव्हता. उद्या जिऊ पुन्हा गळ्यात पडली, आणि तिचा स्वतःचा रंगही या हातांनी ओढून घेतला तर? पोर जन्मभर राखेची राहील. म्हणून त्या दिवसापासून कोंडाईनं आपल्या लेकीला हात लावला नाही. हातच काय, नखही लागू दिलं नाही. अंगातही तुरटी मुरली असेल, काय सांगावं! जिऊची वेणी शेजारीण घालायची. जिऊ तापानं फणफणली तेव्हा कोंडाई रात्रंदिवस उशाशी बसली, पण दोन्ही हात स्वतःच्या मांडीखाली दाबून. पोर ग्लानीत "आई, हात ठेव ना कपाळावर" म्हणायची, आणि ही मांडी घट्ट दाबायची.

गावानं तुरटी सोडली. कोंडाईनं तर बघितलीसुद्धा नाही पुन्हा. रोज पहाटे ती त्या पलीकडच्या ओहोळावर जायची आणि वाहत्या पाण्यात हात धरून बसायची. मग घरी येऊन अंगणातल्या झेंडूच्या फुलाला बोट लावायची. फूल पिवळं झालं तर समजायचं की हातातली तुरटी गेली. फूल राखेचंच राहायचं. एक वर्ष, दोन वर्षं, पाच वर्षं. नवव्या वर्षी तिनं फुलाला बोट लावणं सोडलं. धीर सुटला असेल. हात धुणं मात्र सोडलं नाही.

अकराव्या वर्षी जिऊचं लग्न ठरलं, तिसऱ्या कड्यापलीकडच्या गावी. लग्न डोहाच्या काठावर झालं. जिऊनं हट्टानं कोरं लुगडं नेसलं. आयाबाया म्हणाल्या, अगं, रंगारणीची लेक तू, पांढऱ्यात सासरी जातेस? ती म्हणाली, माझ्या आईनं मला रंगवलं तेवढं पुरे झालं.

सासरची मंडळी निघाली. जिऊ सगळ्यांच्या पाया पडली, सगळ्यांच्या गळ्यात पडली. कोंडाई लांब उभी, त्या करंजाखाली, हात पदराखाली लपवून. जिऊ तिच्याकडं चालायला लागली. कोंडाई मागं सरली. जिऊ आणखी पुढं आली. कोंडाईची पाठ झाडाला टेकली.

"पुढं येऊ नकोस जिऊ, तुला माझ्या गळ्याची आण आहे."

"अकरा वर्षं ऐकलं तुझं."

"अगं, राखेची होशील! नवऱ्याच्या घरी काय तोंड दाखवशील?"

"माझा रंग तुझ्या हातात राहिला तर राहू दे," जिऊ म्हणाली. "कोरी जाईन मी सासरी. पण तू जवळ न घेता जायची नाही."

आणि तिनं आईला मिठी मारली. वरमाय मटकन खाली बसली. कोंडाईनं दोन्ही हात वर करून धरले होते, लेकीला लागू नयेत म्हणून. जिऊनं ते हात मनगटाला धरले, खाली ओढले, आणि आपल्या पाठीवर ठेवून घेतले.

कुणी डोळे मिटले, कुणी तोंडात पदर कोंबला. कोंडाईनं तर डोळे मिटूनच घेतले होते. किती वेळ गेला कुणास ठाऊक. मग पाठीमागून एक पोरगी ओरडली, "बघा! बघा गं हिच्या पाठीकडं!"

जिऊच्या कोऱ्या लुगड्यावर, पाठीवर, दोन पिवळे हात उमटले होते. पाच पाच बोटांचे, धम्मक पिवळे. ज्यांनी जन्मात कोंडाईच्या तळव्यांबाहेर पिवळा बघितलाच नव्हता ती लहान पोरं तर भिऊन आयांच्या मागं लपली. त्यांना वाटलं जाळ लागला. मग ताटातली हळद पिवळी झाली. मंडपाचा झेंडू पिवळा झाला. करंजाचं पान न् पान एका दमात हिरवंगार झालं. बाया हळदीच्या ताटात हात बुडवून नुसत्या एकमेकींकडं बघत राहिल्या.

कोंडाईनं हळूच एक हात काढून बघितला. तळवा साधा, माणसाच्या हातासारखा. म्हणाली, "सुटला." एवढंच. मग तो हात तिनं परत लेकीच्या पाठीवर ठेवला, आणि वऱ्हाडाला उन्हं उतरेस्तोवर खोळंबावं लागलं, कारण ती काही केल्या सोडेना. अकरा वर्षांचं राहिलेलं होतं.

तुरटी तिच्या हातांतून कधीच निघून गेली असणार, नवव्या वर्षी की दहाव्या, देव जाणे. तिनं फूल बघणं सोडलं होतं ना, आणि भीतीनं आवळलेल्या मुठीतून रंग कुठला सुटतोय! दोन वर्षं ती बाई लेकीला जवळ घेऊ शकली असती, आणि भीतीपायी तिनं घेतलं नाही. मला त्या गोष्टीचा फार राग येतो. कुणावर ते सांगता येत नाही.

म्हणून आजही ओलांब्यात तुरटी शिरत नाही. आजही आमचं कापड रंग सोडतं, आणि गिऱ्हाइकानं तक्रार केली तर आम्ही म्हणतो, सुटणारच. आजही इथली लेक सासरी निघते ती कोऱ्या लुगड्यात, आणि आई हळदीत हात बुडवून तिच्या पाठीवर ठेवते. रीत अशी, की सासरी गेल्यावर पहिल्याच धुण्यात ते हात धुऊन टाकायचे. रंग सुटला की माहेरी निरोप धाडायचा, की आई, सुटला. मग आईनं समजायचं, आपले हात मोकळे आहेत, लेक आली की खुशाल जवळ घ्यावी.

माझ्या लेकीचं लग्न होऊन आठ महिने झाले. अजून निरोप नाही. दोनदा माणूस पाठवून विचारलं, अगं, लुगडं धुतलंस का? तर म्हणे पेटीत तळाशी घडी करून ठेवलंय, धुवत नाही जा. आता काय म्हणावं या कार्टीला! अगं, मी इथं धडधडीत जिवंत आहे, ये की तू, पाहिजे तेवढे हात उमटवते पाठीवर! मी काय तुरटीची आहे?

बरं, उठा. सूर्य खाचेत आला. दादा, डोळे फाडून कड्याकडं काय बघताय, पाण्याकडं बघा. तो पहिला तांबडा. मग निळा येईल. पिवळा सगळ्यात शेवटी उतरतो, आणि आला की आधी त्या करंजाखाली जातो. हात पुढं करा हवं तर. सुटतो तो.